विरहिणी म्हणू नका

गाडी तवंदीच्या घाटात आली की आमच्या घरची माणसं हात जोडतात ते स्तवनिधीच्या पार्श्वनाथाला. मी मनातल्या मनात आणखी एक नमस्कार करते, इंदिरा संतांना. त्यांचं बालपण याच तवंदीचं.

बी.ए.ला त्या आम्हाला ‘विरहिणी’ म्हणून शिकवल्या. 1946 साली पती नारायण संत गेले. मग ‘शेला’, ‘मेंदी’, ‘मृगजळ’. प्रत्येक कवितेत तोच एक माणूस शोधायचा की झालं उत्तर! मार्कही पडायचे. पण हीच बाई बेळगावात नोकरी करून, मुलं वाढवून शिक्षकांच्या ट्रेनिंग कॉलेजची प्राचार्य झाली, हे कुठल्या उत्तरात येत नसे. 2000 साली त्या गेल्या. मधली चोपन्न वर्षं म्हणजे काय नुसता विरहच?

कलावंतानं उतारवयात आपल्या कामाकडे कसं पाहिलं हे बघायला आपण आठवणींचं पुस्तक शोधतो. ‘मृद्गंध’ आहेच. पण माझ्या मते बाईंचं खरं मागं वळून पाहणं ‘मालनगाथे’त आहे. ‘गर्भरेशीम’ला 1984 चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळालेला, पुढे 1995 ला जनस्थान. सगळं पदरात पडलं आणि ऐंशीच्या घरातली ही कवयित्री बसली कशात, तर जात्यावरच्या ओव्या लावत. ज्यांची नावं कुणी लिहून ठेवली नाहीत, त्या बायकांच्या.

फावल्या वेळचा छंद म्हणाल, तर मला नाही पटत. ओवीतली बाई स्वतःचं नाव सांगत नाही. दुःख बोलते तेही भावाच्या, तुळशीच्या, पावसाच्या आडून. इंदिराबाईंच्या कवितेतला ‘तो’ असाच बिननावाचा. हे आडून बोलणं जात्यापाशीचंच. म्हातारपणी त्या ती उधारी फेडत होत्या. असं वाचलं की दुःख त्यांच्या एकटीचं राहत नाही, आणि ‘विरहिणी’ हा शब्द तोकडा पडतो. ‘शेला’तल्या काही कविता मला आज जरा जास्तच गोड लागतात, हेही सांगून टाकते. ओव्यांमागच्या इंदिराबाई मात्र कुठेच गोड होत नाहीत.

आमची आजी दळताना ओव्या म्हणायची, निम्म्या मराठी, निम्म्या कन्नड. मला त्यातल्या दोनच आठवतात, त्याही अर्ध्या. लिहून घ्यायचं तेव्हा सुचलं नाही. आत माजघरात ती गात असायची, आणि मी सोप्यात बसून इंदिरा संतांच्या विरहावर नोट्स काढत असे.