बालवाङ्मय आणि ग्रंथालयाचा उंबरठा

विनायक कोंडदेव ओक यांनीं १८८१ सालीं ‘बालबोध’ मासिक काढलें आणि तें तीस वर्षांहून अधिक काळ चालविलें, ही गोष्ट मराठी बालवाङ्मयाच्या इतिहासांत ठळकपणें येते. ठाणें येथें १ जून १८९३ रोजीं जें मराठी ग्रंथसंग्रहालय निघालें त्याच्या संस्थापकांत हेच ओक होते, ही गोष्ट ग्रंथालयांच्या इतिहासांत येते. दोन्ही गोष्टी एका दमांत मात्र सहसा कोणी सांगत नाहीं. आणि माझ्या मतें आमच्या बालवाङ्मयाचें एक वैगुण्य या न सांगण्यांतच दिसून येतें. मुलांसाठीं लिहिणारा हात आणि ग्रंथांचें कपाट उघडणारा हात एकाच गृहस्थाचा होता. परंतु मुलाला त्या कपाटापर्यंत नेऊन सोडणारें पुस्तक लिहिण्याकडे पुढील लेखकांचें लक्ष फारसें गेलें नाहीं.

प्रदेश तर या कामाला अनुकूल होता. कल्याणचें सार्वजनिक वाचनालय १८६४ सालचें, म्हणजे आगगाडी कल्याणास पोंचल्यानंतर अवघ्या दहा वर्षांनीं निघालेलें. ठाण्याचें संग्रहालय मुंबईच्या मराठी ग्रंथसंग्रहालयाहून पांच वर्षांनीं वडील, ‘महाराष्ट्र-सारस्वत’कार वि. ल. भावे यांच्यासारख्या संशोधकाचा हात त्याच्या उभारणीस लागलेला. डोंबिवली त्या मानानें अलीकडची, तरी २०१७ सालीं नव्वदावें साहित्यसंमेलन तिनें भरविलें. अशा या पट्ट्यांतील मुलाला ग्रंथालय कसें वापरावें हें कोण शिकवितें? बहुधा वडील किंवा आजोबा. ज्यांच्या घरीं असे वडील-आजोबा आहेत त्यांची काळजी नको. ज्या घरांत शाळेच्या क्रमिक पुस्तकाखेरीज दुसरें पुस्तक अजून शिरलेलेंच नाहीं, तेथील मुलाला हें सांगणारें कोणी नसतें. त्याच्याकरितां हें काम पुस्तकानेंच करावयास हवें.

आमचीं बालपुस्तकें वाचनाची महती सांगण्यांत कंजूषपणा करीत नाहींत. थोर पुरुष रस्त्यावरील दिव्याखालीं वाचतात, एका बैठकींत ग्रंथ संपवितात, उपाशी राहून पुस्तकें विकत घेतात. हें सर्व स्फूर्तिदायक खरें. पण त्यांत पुस्तक आकाशांतून पडल्याप्रमाणें नायकाच्या हातांत येतें. तें कोठें होतें, कोणी दिलें, त्यानें तें कसें मागितलें, याचा पत्ता नसतो. दसऱ्यास पाटीवर सरस्वती काढून आपण तिच्यापुढें पुस्तकें ठेवतों, त्यांना हळदकुंकू वाहतों. आणि त्या दिवशीं तीं वाचावयाचीं नाहींत असा कित्येक घरीं दंडक असतो! आमच्या बालवाङ्मयानें हा एक दिवसाचा दंडक बाराही महिने पाळला आहे असें कधीं कधीं वाटतें. ग्रंथ त्यांत पूज्य आहे, वापरावयाची वस्तु नाहीं.

डॉ. आंबेडकरांच्या बालपणाची एक हकीकत मुलांच्या चरित्रपुस्तकांतून नेहमी येते. चर्नी रोडच्या बागेंत हा मुलगा वाचीत बसे. तेथें कृष्णाजी अर्जुन केळुसकर गुरुजींशीं त्याचा परिचय झाला आणि मॅट्रिकची परीक्षा उतरल्यावर केळुसकरांनीं त्याला आपण लिहिलेलें बुद्धचरित्र भेट दिलें. आमचे चरित्रलेखक येथें नायकाच्या ज्ञानलालसेवर दोन परिच्छेद खर्च करतात. परंतु या प्रसंगाचें खरें मर्म केळुसकरांच्या बाजूला आहे. तूं काय वाचतोस, असें एका परक्या मुलाला आपण होऊन विचारणारा आणि पुढचें पुस्तक त्याच्या हातीं ठेवणारा मनुष्य तेथें होता. बागेंतल्या बांकावरचा तो ग्रंथपालच म्हणावयाचा. मुलांच्या पुस्तकांत केळुसकरांना एका ओळीहून अधिक जागा मिळावी, एवढें तरी मागणें वावगें नाहीं.

इंग्रजी बालवाङ्मयांत ग्रंथालय हें कथेचें एक रुळलेलें स्थळच आहे. मिशेल नूडसन यांच्या ‘लायब्ररी लायन’ (२००६) या चित्रपुस्तकांत एक सिंह सरळ ग्रंथालयांत शिरतो. त्यानें नियम मोडला आहे काय, एवढेंच ग्रंथपालबाई विचारतात. मोडला नसल्यास त्याला राहूं द्यावें, हा त्यांचा निवाडा. पुढें बाई पडून जायबंदी होतात तेव्हां हाच सिंह मोठ्यानें डरकाळी फोडून नियम मोडतो, आणि नियम कशासाठीं असतात व केव्हां मोडावे हें लहान मुलाला एका अक्षराचाही उपदेश न करतां उमगतें. ‘ग्रंथालयांत गोंगाट करूं नये, पानें दुमडूं नयेत’ अशा आमच्या नियमावलीवजा पुस्तिका यापुढें केविलवाण्या दिसतात. रोआल्ड डाल यांची मटिल्डा (१९८८) वयाच्या पांचव्या वर्षींच ग्रंथालयांत एकटी जाऊन बसते. तेथील पुस्तक घरीं नेतां येतें हें तिला ठाऊकच नसतें; मिसेस फेल्प्स तें सांगतात. कादंबरींत हा प्रसंग छोटा आहे, पण इतकी साधी गोष्ट देखील मुलाला कोणी तरी सांगावी लागते, हें लेखकानें अचूक हेरलें आहे.

असें असलें तरी हीं पुस्तकें जशींच्या तशीं मराठींत आणून आमचा प्रश्न सुटत नाहीं, कारण त्यांतील ग्रंथालय आमचें नव्हे. तेथें मूल दार ढकलून आंत जातें. आमच्याकडे १९६७ च्या ग्रंथालय-अधिनियमानें ग्रंथालयकर बसविला नाहीं. संस्थांनीं चालविलेल्या वाचनालयांना अ, ब, क, ड अशा वर्गवारीनें अनुदान द्यावयाचें, असा मार्ग पत्करला. त्यामुळें आमचें नेहमीचें वाचनालय म्हणजे अनामत, मासिक वर्गणी, अर्ज आणि मुलाच्या अर्जावर पालकाची सही. नूडसनबाईंचा सिंह कल्याणास आला असता तर त्याला प्रथम पालक कोण तें विचारलें गेलें असतें. मी ही व्यवस्था हिणवीत नाहीं. तुटपुंज्या पैशांत या संस्थांनीं पिढ्यान् पिढ्या जें केलें तें मोठेंच आहे. पण मुलाला खरें दार दाखवावयाचें तर अर्ज, वर्गणी आणि देवघेवीची खिडकी हीं कथेंत आलींच पाहिजेत.

त्या खिडकीपाशींच पुष्कळसें बिनसतें. या पट्ट्यांतील एका वाचनालयांत मीं पाहिलेली गोष्ट आहे. दहा-अकरा वर्षांची एक मुलगी खिडकीशीं आली आणि म्हणाली, “ताऱ्यांचं पुस्तक आहे का?” आंतील गृहस्थांनीं विचारलें, “पुस्तकाचं नांव काय, बाळ?” नांव तिला ठाऊक नव्हतें. “मग नांव विचारून ये,” असें ते म्हणाले. रागानें नव्हे, अगदीं सौम्यपणें. मुलगी निघून गेली. तिचा प्रश्न मुळींच चुकीचा नव्हता. विषयावरून पुस्तक शोधणें यासाठींच तर विषयसूची असते! पण आपला प्रश्न बरोबर आहे हें तिला कोणत्याही पुस्तकानें सांगितलें नव्हतें, म्हणून तो पुन्हां विचारण्याचें धैर्य तिला झालें नाहीं. अशीं मुलें खिडकीवरून परत जातात याची नोंद कोणत्याही वहींत होत नाहीं.

या दृष्टीनें मला ई. एल. कोनिग्सबर्ग यांची १९६७ सालची ‘फ्रॉम द मिक्स्ड-अप फाइल्स ऑफ मिसेस बेसिल ई. फ्रँकवायलर’ ही कादंबरी सर्वांत मोलाची वाटते. क्लॉडिया आणि जेमी हीं भावंडें घर सोडून न्यूयॉर्कच्या एका मोठ्या वस्तुसंग्रहालयांत लपून राहतात. तेथील एक देवदूताची मूर्ति मायकेलँजेलोनें घडविली कीं काय, हें कोडें त्यांना पडतें आणि त्याचा माग काढण्यासाठीं तीं ग्रंथालय गांठतात. शेवटीं एका वृद्ध बाईंच्या घरीं कागदपत्रांच्या कपाटांपुढें तीं उभीं राहतात. हातीं एकच तास. जेमीला लगेच खण उपसावयाचे असतात. क्लॉडिया त्याला थांबविते, बसून विचार करते आणि कोणकोणत्या शब्दांखालीं पाहावयाचें त्याची यादी करते. हवा असलेला कागद मायकेलँजेलोच्या नांवाखालीं नाहीं, ‘बोलोन्या’ या इटालियन गांवाच्या नांवाखालीं सांपडतो. ग्रंथशोधाचें सारें शास्त्र त्या एका तासांत आहे, आणि वाचकाची छाती तर धडधडत असते! आमचा फास्टर फेणे डोळ्यांपुढें येतो तो सायकलवर. सूचीच्या खणापुढें उभा असलेला फास्टर फेणे मनांत आणून पाहावा. मला तरी तो साधत नाहीं. आतां सूची संगणकांत गेली तरी कोणता शब्द टंकावा हा प्रश्न क्लॉडियाचाच आहे.

आणि मराठी लेखकाला अशा कथेसाठीं सामग्री शोधीत परदेशीं जाण्याची गरज नाहीं. आमचीं टोपणनांवें पाहा. बालकवि ‘ब’ मध्यें शोधावे कीं ठोंबरे म्हणून ‘ठ’ मध्यें? केशवसुतांसाठीं ‘दामले’ पाहावें लागेल काय? राम गणेश गडकरी कवितेंत गोविंदाग्रज, विनोदांत बाळकराम आणि नाटकांत गडकरी. एक मनुष्य तीन खणांत लपून बसलेला. ‘श्यामची आई’ हवी असलेलें मूल ‘श्याम’ हेंच लेखकाचें नांव समजून शोधूं लागलें तर त्याला हंसूं नये. वर्णमालाही मुलाशीं लपंडाव खेळते. बाराखडी पाठ असलेल्या मुलाला ‘ज्ञानेश्वरी’ ‘ज’ पाशीं पाहावी कीं अगदीं शेवटीं ‘ह’ च्याही पुढें, हें कळत नाहीं, आणि मोठ्यांच्या कोशांतही याविषयीं एकवाक्यता नाहीं. शंकर गणेश दाते यांनीं १८०० ते १९३७ पर्यंतच्या मराठी ग्रंथांची सूची एकहातीं केली आणि ती १९४३ सालीं प्रसिद्ध झाली. ज्या भाषेंत असा हट्टी शोधक होऊन गेला तिच्यांत शोध हा मुलांच्या गोष्टीचा विषय होऊं नये याचें मला नवल वाटतें. रहस्यकथा लिहिणाऱ्यानें तरी हें सोडूं नये.

तूर्त मुलाच्या हातीं काय द्यावें असें कोणी विचारल्यास मी ‘तोत्तोचान’चें नांव घेईन. तेत्सुको कुरोयानागी यांचें हें जपानी पुस्तक १९८१ चें. चेतना सरदेशमुख-गोसावी यांनीं तें मराठींत आणलें आहे. त्यांतील शाळा आगगाडीच्या जुन्या डब्यांत भरते, आणि एक नवा डबा येतो तो ग्रंथालयासाठीं. कोणत्याही वर्गांतील मुलानें कोणतेंही पुस्तक घ्यावें, केव्हांही यावें, हवें तर घरीं न्यावें आणि वाचून परत आणावें, एवढेंच मुख्याध्यापक कोबायाशी सांगतात. ज्यांचें बालपण ठाणें-कल्याण लोकलच्या आवाजांत जातें त्या मुलांना या डब्याची ओळख करून द्यावी लागणार नाहीं. पुस्तक बालविभागांत मिळावें. फक्त जातांना मुलाला एवढें सांगून ठेवावें कीं तें ‘त’ खालीं न मिळाल्यास ‘क’ पाहावा, आणि तेथेंही नसल्यास खिडकीशीं जाऊन नुसतें “आगगाडीच्या डब्यांतल्या शाळेचं पुस्तक” असें विचारलें तरी चालतें.