शिवेचा राखणदार, वेशीबाहेरचा रहिवासी : हद्दभावाच्या सिद्धांताची चिकित्सा

प्रस्तावना

माणूस जागेवर हक्क कसा सांगतो, ती कशी राखतो आणि तिच्यातून दुसऱ्याला कसा वगळतो, या प्रश्नांचा अभ्यास पाश्चात्त्य विद्यापीठांत विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात जोमाने झाला. रॉबर्ट आर्ड्री यांनी १९६६ साली ‘द टेरिटोरियल इम्परेटिव्ह’ या ग्रंथात ही प्रवृत्ती पशुपक्ष्यांप्रमाणे माणसातही उपजत असल्याचे प्रतिपादन केले. अर्विन आल्टमन यांनी १९७५ मध्ये जागांचे प्राथमिक, दुय्यम व सार्वजनिक असे वर्ग पाडले. भूगोलज्ञ रॉबर्ट सॅक यांच्या १९८६ च्या ‘ह्यूमन टेरिटोरिअ‍ॅलिटी’ या ग्रंथाने उपजत प्रेरणेची कल्पना बाजूला सारून हा सारा व्यवहार सत्तेचे एक धोरण म्हणून मांडला. ‘प्रादेशिकता’ हा शब्द मराठीत प्रांताभिमानासाठी रुळलेला असल्याने प्रस्तुत लेखात ‘हद्दभाव’ हा शब्द योजला आहे.

अलीकडे मराठीच्या चर्चासत्रांत व प्रबंधिकांत ‘अवकाश’ हा परवलीचा शब्द झाला आहे. दलित आत्मकथनांतील गावाचे वाचनही या चौकटीतून होऊ लागले आहे. चावडी म्हणजे सार्वजनिक जागा, माजघर म्हणजे प्राथमिक जागा, अशी वर्गवारी केली की विवेचन पूर्ण झाले असे मानले जाते. सिद्धांत साहित्यकृतीला लावला जातो. साहित्यकृतीने सिद्धांताला विचारलेला प्रश्न मात्र ऐकला जात नाही. तो प्रश्न कोणता, हे पाहणे येथे अभिप्रेत आहे.

सॅक यांची मांडणी आणि मराठी स्वयंपाकघर

सॅक यांच्या मते हद्दभावाची तीन अंगे आहेत : क्षेत्रानुसार वर्गीकरण, सीमेद्वारे सूचना आणि त्या सीमेच्या पालनाची सक्ती. स्वयंपाकघरातील वस्तूंना मुलांनी हात लावू नये यासाठी एकेका वस्तूची नावे घेण्यापेक्षा ‘स्वयंपाकघरात यायचे नाही’ एवढे सांगणे सोपे असते, हे त्यांचे घरगुती उदाहरण प्रसिद्ध आहे. हद्द आखली की व्यक्तींची व वस्तूंची वेगळी यादी करावी लागत नाही, हा त्यातील मर्माचा मुद्दा होय.

हेच उदाहरण सोवळे पाळणाऱ्या मराठी घरात नेले की त्याची मर्यादा ध्यानात येते. तेथे स्वयंपाकघराच्या भिंती त्याच राहतात, परंतु रोज चूल पेटवणारी स्त्री महिन्यातील चार दिवस त्याच खोलीबाहेर ‘बाजूला’ बसते. मुलगा आंघोळीपूर्वी बाहेरचा असतो, आंघोळीनंतर आतला. येथे हद्द जमिनीवर नसून देहाच्या अवस्थेवर आखलेली आहे. क्षेत्र हे वर्गीकरणाचे साधन नाही; आधीच झालेल्या वर्गीकरणाचा तो एक ठसा आहे.

काळी, पांढरी आणि शीव

गावाच्या पातळीवर हा प्रश्न अधिक गंभीर होतो. मराठी गाव म्हणजे काळी आणि पांढरी. पिकाची जमीन आणि वस्तीची जागा. पांढरीभोवती गावकूस, तिला वेस, आणि साऱ्या शिवाराभोवती शीव. या शिवेची माहिती ज्याच्या मुखी असे, तो महार. दोन गावांत सीमेचा तंटा उपस्थित झाला की महाराची साक्ष महत्त्वाची ठरे. त्याने शीव चालून दाखवावी आणि ती ग्राह्य धरावी, अशी रीत होती. वेशीची राखण, टपाल व सरकारी वसूल पोचवणे, परगावच्या माणसावर नजर ठेवणे ही कामेही त्याच्याकडे होती. गावाचा हद्दभाव ज्याच्या पायांवर आणि स्मृतीवर उभा होता, त्याचेच घर मात्र गावकुसाबाहेर होते.

सॅक यांच्या तीन अंगांपैकी सूचना आणि सक्ती ही दोन अंगे येथे वगळलेल्या माणसाकडेच सोपवलेली आहेत. हद्दीचा राखणदार तिच्या आतला असतो, हे त्यांच्या सिद्धांताचे अनुक्त गृहीतक आहे. कॅथलिक धर्मसंस्था, अमेरिकेतील प्रदेशव्यवस्था, कारखाना ही त्यांची उदाहरणे पाहता ते गृहीतक तेथे खटकत नाही. मराठी गावात ते टिकत नाही, कारण गावाला एक नव्हे तर दोन हद्दी आहेत : एक शिवेची, दुसरी विटाळाची. पहिल्या हद्दीत महार हा वतनदार, हक्कदार आणि साक्षीदार आहे; दुसरीत तो बाहेरचा आहे. पहिलीचा अधिकार त्याला दुसरी ओलांडू देत नाही. उलट दुसरीमुळेच पहिलीचे कष्टाचे काम त्याच्या माथी येते.

शंकरराव खरात यांच्या ‘तराळ-अंतराळ’ (१९८१) या आत्मकथनातील विहिरीतील प्रेताचा प्रसंग या दृष्टीने पुन्हा वाचण्याजोगा आहे. गावकीच्या पाळीवर असलेल्या वडिलांना प्रेताची राखण करावी लागते आणि पोलिसाच्या दटावणीखाली ते काढण्यासाठी विहिरीत उतरावे लागते. या प्रसंगाचे विवेचन बहुधा अन्याय व कारुण्य या अंगाने होते, आणि ते योग्यच आहे. परंतु त्यातील जागेचे तर्कशास्त्र दुर्लक्षित राहते. ज्या जातीला गावच्या विहिरीवर पाणी शेंदता येत नव्हते, तिच्याच माणसाला प्रेतासाठी विहिरीत उतरणे भाग होते. म्हणजे विहीर हे त्याला बंद असलेले क्षेत्र नव्हते. बंद होती ती पाण्याशी समानतेने येणारी जवळीक. सेवेसाठी केलेला प्रवेश हद्दीचा भंग ठरत नसे; हक्काने केलेला प्रवेश ठरे.

महाडचे चवदार तळे

२० मार्च १९२७ रोजी महाडला डॉ. बाबासाहेब आंबेडकर व त्यांच्या सहकाऱ्यांनी ओलांडलेली हद्द ही याच प्रकारची होती. रावबहादूर बोले यांचा ठराव मुंबई विधिमंडळाने १९२३ मध्ये संमत केला होता आणि महाडच्या नगरपालिकेने त्यानुसार १९२४ मध्ये तळे खुले केले होते. कागदावर हद्द उरली नव्हती. तळ्यावर मुसलमानांनाही मज्जाव नव्हता. तरीही ओंजळभर पाणी पिण्याने गाव पेटले, सत्याग्रहींवर हल्ला झाला आणि नंतर पंचगव्याच्या १०८ घागरी ओतून तळे ‘शुद्ध’ करण्यात आले. आर्ड्री यांच्या विचारानुसार गेलेले क्षेत्र परत घेताना आक्रमकाला हुसकावून कुंपण घालावे लागते. येथे हुसकावणे झाले, पण तेवढ्याने भागले नाही. कुंपण न घालता पाण्यावर संस्कार केला गेला. हद्द पाण्यातच होती.

न्यायालयीन लढाईत मात्र भाषा बदलली. विटाळाची हद्द न्यायालयात टिकणार नाही, हे ओळखून स्पृश्यांनी तळे खाजगी मालकीचे असल्याचा आणि मज्जावाची वहिवाट अनादि असल्याचा दावा केला. म्हणजे दुसऱ्या हद्दीला पहिल्या हद्दीचा पोशाख चढवला गेला. १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने अशी अनादि वहिवाट सिद्ध होत नसल्याचा निर्णय दिला. हा दस्तऐवज इतिहास व राज्यशास्त्राच्या अभ्यासकांइतकाच साहित्याच्या अभ्यासकांनीही वाचावयास हवा.

या दोन हद्दी वेगळ्या आहेत हे सर्वप्रथम स्पष्टपणे मांडण्याचे श्रेय डॉ. आंबेडकरांनाच द्यावे लागते. ‘द अनटचेबल्स’ (१९४८) या ग्रंथात त्यांनी वाताहत झालेल्या टोळ्यांतील माणसे गावाच्या राखणीसाठी वेशीबाहेर वसली आणि अस्पृश्यता पुढे कधीतरी त्यांच्यावर लादली गेली, असा सिद्धांत मांडला. त्यातील ऐतिहासिक पुराव्याबद्दल मतभेद आहेत. मात्र बाहेर राहणे आणि अस्पृश्य असणे या दोन गोष्टींना त्यांनी एकमेकींपासून अलग केले, हे त्याचे सैद्धांतिक मोल त्या मतभेदांनी कमी होत नाही. सॅक यांच्या ग्रंथाच्या ३८ वर्षे आधी मांडला गेलेला हा जागेच्या सत्तेचा विचार ‘अवकाशा’वरील मराठी लेखनात क्वचितच उद्धृत होतो, ही बाब आपल्या अभ्यासपद्धतीविषयी पुरेशी बोलकी आहे.

शहरातील खोली

शिवेची हद्द कायद्याने मोडता येते. १९५८ च्या कायद्याने कनिष्ठ ग्रामवतने रद्द होऊन महारकीची सक्तीही संपली. विटाळाची हद्द मात्र माणसाबरोबर प्रवास करते. बाबुराव बागूल यांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ (१९६३) या कथेतील नायक रेल्वेच्या नोकरीसाठी गुजरातेत उधना येथे जातो. तेथे ना गावकूस आहे, ना वेस, ना चावडी. भाड्याची खोली आहे, आणि त्या खोलीची किंमत म्हणजे जातीबद्दल मौन. जात उघड होताच मार बसतो. गावात वस्तीच्या दिशेवरून कळणारी जात येथे शोधून काढावी लागते. म्हणूनच शीर्षकातील ‘चोरणे’ हे क्रियापद अचूक आहे. चोरी होते ती दुसऱ्याच्या हद्दीतील वस्तूची. नायकाने चोरलेली वस्तू स्वतःचीच आहे, तरीही ती चोरी ठरते, यात त्या हद्दीचा मालक कोण हे दिसते.

सॅक यांचा सिद्धांत खऱ्या अर्थाने उपयोगी पडतो तो याच्या पुढच्या टप्प्यावर. हद्द आखली की सत्तासंबंध निर्वैयक्तिक भासू लागतात आणि नियंत्रण करणाऱ्याऐवजी जागेकडे लक्ष वळते, हे त्यांचे निरीक्षण आजच्या गृहनिर्माण संस्थांना तंतोतंत लागू पडते. अहमदाबाद येथील पारशी गृहनिर्माण संस्थेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये सभासदत्व एका समाजापुरते मर्यादित ठेवणारा उपविधी वैध ठरवला. एका अल्पसंख्य समाजाच्या संघटनस्वातंत्र्याचा हा प्रश्न गावकुसाशी एकरूप मानणे अन्यायाचे होईल. परंतु ‘आम्ही’ नव्हे तर ‘नियम’ नकार देतो, ही भाषा त्यातून उपलब्ध होते. ती कोणीही वापरू शकतो. आहारपद्धतीचे कारण पुढे करून खोली नाकारणारा घरमालकही तीच भाषा बोलतो. गावातला नकार तोंडावर, जातीचे नाव घेऊन दिला जात असे. येथे तो सूचनाफलकावर असतो.

डिसेंबर २०२० मध्ये महाराष्ट्र शासनाने वस्त्यांची व रस्त्यांची जातिवाचक नावे बदलण्याचा निर्णय घेतला. नावे बदलण्यास हरकत असण्याचे कारण नाही. परंतु गावठाणाच्या नकाशावर त्या वस्तीचे स्थान, तिच्याकडे जाणारी वाट आणि तिच्या शेजारी काय ठेवले गेले आहे, हे नावाबरोबर बदलत नाही. दया पवार यांच्या ‘बलुतं’ने (१९७८) गावातील आणि मुंबईच्या कावाखान्यातील वस्तीचे जे तपशील नोंदवले, ते नकाशाशेजारी ठेवून वाचले तर साहित्याच्या वर्गात भूगोलाचा आणि भूगोलाच्या वर्गात साहित्याचा काही उपयोग आहे की नाही, हे विद्यार्थ्यांना स्वतः तपासता येईल.