सासऱ्यांचा चष्मा

सत्यजित राय यांच्या ‘महानगर’विषयी (१९६३) बोलणे निघाले की आरतीचेच कौतुक होते. संसाराला हातभार लावण्यासाठी कलकत्त्यात घरोघर विणकामाची यंत्रे विकत हिंडणारी ही सून माधवी मुखर्जींनी अशी काही उभी केली आहे की कौतुक व्हावेच! माझे मन मात्र घुटमळते ते तिच्या सासऱ्यांपाशी. प्रियगोपाल हे निवृत्त शिक्षक. सून नोकरीला जाते म्हणून मुलाशी अबोला धरतात, तिने पुढे केलेले पैसे नाकारतात, आणि मग जुन्या विद्यार्थ्यांचे उंबरठे झिजवू लागतात. डोळ्यांचा डॉक्टर झालेला एकजण त्यांना चष्मा करून देतो. सुनेच्या घामाचा पैसा नको. गुरुदक्षिणा म्हटली की याचना चालते! राय त्यांना हसत नाहीत, खलपुरुषही ठरवीत नाहीत. म्हणून तर जीव तुटतो.

शेवट मला थोडा घाईचा वाटला. नवऱ्याची बँक आधीच बुडालेली, आणि एडिथ या अँग्लो-इंडियन सहकारिणीवरील अन्यायापायी आरतीही राजीनामा देते. दोघे उमेदीने गर्दीत मिसळतात. पण रिकाम्या हातांनी घरी परतल्यावर म्हाताऱ्याला काय सांगणार?