सुवर्णमुखाची प्रवचने : वक्तृत्व आणि धर्मविचार यांच्या संबंधाचा प्रश्न

चौथ्या शतकाच्या उत्तरार्धातील ग्रीक ख्रिस्ती प्रवचनकारांत योहान क्रिसोस्तोम याचे स्थान अग्रगण्य मानले जाते. इ. स. ३८६ मध्ये अंत्युखिया येथे धर्मगुरुपदाची दीक्षा मिळाल्यापासून सुमारे बारा वर्षे तेथे, आणि पुढे ३९८ ते ४०४ या काळात कॉन्स्टँटिनोपलचा बिशप म्हणून, त्याने केलेल्या प्रवचनांपैकी शेकडो आज उपलब्ध आहेत. ४०७ मध्ये हद्दपारीत त्याचा अंत झाला. ‘सुवर्णमुख’ हे बिरुद त्याला उत्तरकाळाने दिले. या प्रवचनसंभाराविषयी गेल्या सत्तर वर्षांत झालेल्या संशोधनाने अनेक जुनी गृहीतके मोडून काढली आहेत. तथापि त्या संशोधनात एक विसंगतीही शिल्लक राहिली आहे. या वक्त्याचे जे वचन आजच्या वाचकास उदात्त वाटते ते त्याच्या धर्मविचाराच्या खाती जमा होते, आणि जे असह्य वाटते ते वक्तृत्वाच्या रूढीच्या खाती. हा दुहेरी हिशेब कितपत ग्राह्य आहे, याची तपासणी होणे अगत्याचे आहे.

प्रथम संहितेचा विचार केला पाहिजे. सर हेन्री सॅव्हिल याची १६१० ते १६१२ मधील ईटन येथील आठ खंडांची आवृत्ती आणि बेर्नार द माँफोकाँ याची १७१८ ते १७३८ मधील पॅरिस येथील तेरा खंडांची आवृत्ती यांवर दीर्घकाळ अभ्यासकांची भिस्त राहिली. परंतु छापील पृष्ठावरचे प्रवचन आणि मंदिरात बोलले गेलेले प्रवचन एकच असते असे नाही. काही प्रवचने वक्त्याने स्वतः प्रसिद्ध केली, तर काही लघुलेखकांनी बोलताना टिपून घेतली, असे पाचव्या शतकातील इतिहासकार सॉक्रेटीस याने नमूद केले आहे. ‘प्रेषितांची कृत्ये’ या ग्रंथावरील प्रवचनांचे तर दोन पाठ आढळतात : एक ओबडधोबड, आणि दुसरा मागाहून सफाई केलेला. शिवाय संहितेची वाढ अद्याप थांबलेली नाही. आंत्वान व्हाँगेर यांना १९५५ मध्ये आथोस पर्वतावरील स्ताव्रोनिकिता मठात बाप्तिस्मापूर्व उपदेशाची आठ प्रवचने सापडली व ती १९५७ मध्ये प्रसिद्ध झाली. ‘यहुद्यांविरुद्ध’ या आठ प्रवचनांपैकी दुसरे इतरांच्या मानाने फारच तोकडे होते. त्याचा हरवलेला भाग लेस्बॉस बेटावरील हस्तलिखितात मिळून २००१ मध्ये प्रकाशात आला.

स्थळकाळाविषयीची निश्चितीही अशीच डळमळीत झाली आहे. प्रवचनांच्या ज्या मालिका एका नगरात सलग झाल्या असे मानले जात होते, त्यांपैकी काहींत दोन्ही नगरांतील प्रवचने एकत्र आली असावीत, असे पॉलीन ॲलन आणि वेंडी मेयर यांनी कलस्सैकरांस व इब्री लोकांस लिहिलेल्या पत्रांवरील प्रवचनांच्या परीक्षणातून दाखविले. मेयर यांनी २००५ मधील ग्रंथात स्थळनिश्चितीच्या पूर्वापार कसोट्याच तपासल्या आणि त्यांपैकी पुष्कळ कसोट्या अपुऱ्या ठरविल्या. परिणामी ‘अंत्युखियातील विचार’ व ‘कॉन्स्टँटिनोपलमधील विचार’ अशी विकासरेषा आखणाऱ्या विवेचनांचा पाया खचला.

श्रोतृवर्गाच्या प्रश्नात हीच सावधगिरी आवश्यक ठरते. रॅम्झी मॅकमलन यांनी १९८९ मध्ये असा पक्ष मांडला की, प्रवचनास येणारे लोक मुख्यतः सुस्थितीतील होते. जॅकलिन मॅक्सवेल यांनी २००६ मध्ये कारागीर व श्रमिक यांच्या उपस्थितीची बाजू सविस्तर मांडली. उभय पक्षांचा आधार मात्र एकच, वक्त्याचे स्वतःचे शब्द. मत्तयाच्या शुभवर्तमानावरील सहासष्टाव्या प्रवचनात तो अंत्युखियातील एक दशांश लोक श्रीमंत, एक दशांश अगदी निर्धन व उरलेले मधल्या स्थितीतील असे सांगतो. कृत्यांवरील अकराव्या प्रवचनात तो ख्रिस्ती लोकांची संख्या १,००,००० व दरिद्री लोकांची ५०,००० धरतो. ही शिरगणती नव्हे. दोन्ही ठिकाणी धनिकांनी वाटून घेतले तर दारिद्र्य उरणार नाही, हे पटविण्यासाठी आकडे योजिले आहेत. आकडा येथे युक्तिवादाचा सेवक आहे, हे ध्यानात न घेता त्यावर समाजशास्त्र उभारणे धोक्याचे होय.

येथवरचे संशोधन वक्तृत्व आणि वस्तुस्थिती यांतील अंतर दाखविते. वक्तृत्व आणि धर्मविचार यांतही तेवढेच अंतर असते काय? क्रिसोस्तोम हा नीतीचा उपदेशक, तत्त्वचिंतक नव्हे, असे मत पूर्वी रूढ होते. डेव्हिड रायलार्सडॅम यांनी २०१४ मध्ये त्याचे समर्थ खंडन केले. क्रिसोस्तोमाच्या मते ईश्वर मनुष्याची दुर्बलता पाहून त्याच्या पातळीवर उतरतो व त्याला पेलेल तेवढेच प्रकट करतो. ‘सिंकाताबासिस’ या ग्रीक संज्ञेचा हा आशय. ईश्वर जसा श्रोत्याचा अधिकार ओळखून बोलतो, तसेच प्रवचनकारानेही बोलावे. म्हणजे वाणीची योजना हा धर्मविचारावर चढविलेला अलंकार नसून त्या विचाराचेच अंग ठरते.

हा निष्कर्ष स्वीकारला की ‘यहुद्यांविरुद्ध’ या प्रवचनांचा प्रश्न अधिक बिकट होतो. ३८६-८७ मध्ये अंत्युखियातील काही ख्रिस्ती लोक यहुद्यांचे सण व उपवास पाळत, सभास्थानात जात. त्यांना आवरण्यासाठी ही प्रवचने झाली. म्हणूनच १९७९ च्या इंग्रजी अनुवादात पॉल हार्किन्स यांनी शीर्षकात ‘यहुदी आचार पाळणारे ख्रिस्ती’ असा रोख दाखविला. रॉबर्ट विल्कन यांनी १९८३ मध्ये असे प्रतिपादन केले की, त्यांतील निर्भर्त्सना ही ग्रीक वक्तृत्वशाळेतील निंदाप्रकाराची ठराविक भाषा आहे. ती अक्षरशः घेऊ नये. या विवेचनाने अडाणी वाचनास निश्चित आळा बसला. परंतु रूढीचा निर्देश हा भाषा कोठून आली याचा उलगडा होय. ती काय करीत होती याचा नव्हे. वक्ता श्रोत्यांना सांगतो की, सभास्थानाकडे वळलेले बांधव शोधून काढा व परत आणा. येथे शब्द कृतीची आज्ञा बनतो. क्रिस्टीन शेपर्डसन यांनी २०१४ मध्ये दाखविल्याप्रमाणे, सभास्थान भयप्रद ठरवून नगरातील स्थळांचा नकाशाच बदलण्याचा हा प्रयत्न होता. शिवाय ऐकणाऱ्यांना निंदाप्रकाराची परिभाषा ठाऊक होती असे धरले, तरी पुढच्या शतकांतील वाचकांना ती ठाऊक नव्हती, आणि यहुदीद्वेषी लेखनाला या प्रवचनांचा आधार मिळत राहिला.

एकच माप सर्वत्र लावता येते, याचे उदाहरण ख्रिस द वेट यांच्या २०१५ मधील गुलामगिरीविषयक ग्रंथात मिळते. करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्रावरील चाळिसाव्या प्रवचनात गुलामांना कसब शिकवून मुक्त करावे असा उपदेश आहे. द वेट तो उपदेश झाकीत नाहीत. पण त्याच वक्त्याची गुलामगिरीची रूपके त्या संस्थेला बळ कशी देत होती, हेही ते दाखवितात. यहुद्यांविषयीच्या प्रवचनांस हीच रीत लावली पाहिजे. गरिबांविषयीची करुणा ही जर या उपदेशकाची ईश्वरविषयक श्रद्धा असेल, तर परधर्मीयांविषयीची कठोरताही त्याच श्रद्धेच्या विवेचनात समाविष्ट झाली पाहिजे. ती केवळ वक्तृत्वशाळेच्या माथी मारली, तर करुणाही त्याच शाळेची ठरण्यास प्रत्यवाय राहत नाही.