जुना चेहरा, हरवलेली काटकसर

२०२५च्या नोव्हेंबरात, एकाच महिन्यात, तीन जुनी नावं नव्या पत्र्यात अवतरली. रेनॉने नवी ट्विंगो दाखवली, फियाटने ट्युरिनच्या मिराफिओरी कारखान्यात ५०० हायब्रिडचं उत्पादन सुरू केलं आणि आपल्याकडे टाटांनी सिएरा बाजारात आणली. तिघींनाही समीक्षकांकडून एकच शाबासकी मिळाली: जुन्या आठवणी जाग्या झाल्या! आठवणी जाग्या करायला जाहिरातवाले आहेत. रोजच्या वापराच्या लहान मोटारीचं काम चार माणसं आणि त्यांच्या पिशव्या कमी खर्चात, कमी जागेत इकडून तिकडे नेणं हे आहे. या तिघींपैकी एकीलाच ते काम नीट आठवतं. बाकीच्या दोघींना तिच्याच मापाने शाबासकी द्यायची, तर समीक्षा कशाला हवी?

दान्ते जाकोसाच्या १९५७च्या फियाट ५०० चा गोलवा सगळ्यांना आवडतो. त्याचं कारण मात्र कुणी विचारत नाही. पातळ पत्र्याला बाक दिला की तो ताठ राहतो, आणि त्या काळच्या इटलीत किलोभर पोलाद वाचवणंही मोलाचं होतं. छत कापडी ठेवलं तेही पत्रा वाचावा म्हणूनच. उन्हात केस उडवण्याची हौस नंतरची. लांबी तीन मीटरच्या आत, ४७९ सीसीचं हवेने थंड होणारं इंजिन, वजन पाचशे किलोच्या आत. १९५६च्या सुएझ प्रकरणानंतर ब्रिटनमध्ये पेट्रोलचं रेशनिंग आलं आणि त्या टंचाईतून १९५९ची मिनी निघाली. अलेक इसिगोनिसने इंजिन आडवं बसवलं, गिअरबॉक्स त्याच्या पोटाखाली ढकलला, चाकं दहा इंचांची केली आणि तीन मीटर पाच सेंटीमीटरांत चार माणसं बसवून दाखवली. ज्युजारोच्या १९८०च्या फियाट पांडाच्या काचा सपाट, कारण सपाट काच स्वस्त पडते आणि डावीकडची उजवीकडेही चालते. ज्याला आज आपण या गाड्यांचं ‘व्यक्तिमत्त्व’ म्हणतो ते मुळात टंचाईशी केलेल्या हिशेबाचं उत्तर आहे.

हा हिशेब सोडून फक्त उत्तर उतरवून काढण्याची परंपरा आता बरीच मोठी झाली आहे. तिच्यातल्या बहुतेक गाड्यांना एकेक ओळ पुरे. फोक्सवागनची न्यू बीटल: इंजिन मागून पुढे आलेलं, खाली गॉल्फचा सांगाडा, डॅशबोर्डवर फुलदाणी. बीएमडब्ल्यूची मिनी २००१ साली चांगली गाडी होती. आजची मिनी कंट्रीमन ४.४३ मीटरची आहे आणि त्यापुढे बोलायचं काही कारण नाही. फियाटची तोपोलिनो म्हणजे सित्रोएनच्या आमीवर चढवलेला झगा, कमाल वेग ताशी ४५ किलोमीटर. निस्सान मायक्राला जॅग्वारचं तोंड बसवणारी जपानची मित्सुओका व्ह्यूट निदान विनोद म्हणून तरी प्रामाणिक.

निस्सानच्याच पाइक गाड्या मात्र मी या यादीत टाकणार नाही. १९८७ची बी-१, १९८९ची पाओ, १९९१ची फिगारो या तिन्ही साध्या मायक्राच्या सांगाड्यावर उभ्या राहिल्या. कुठल्याच जुन्या गाडीची त्यांनी नक्कल केली नाही. जुन्या काळाचा फक्त सूर घेतला. फिगारो मोजक्याच काढल्या, मागणी इतकी आली की सोडत काढून द्याव्या लागल्या. पुढे त्यांपैकी कितीतरी ब्रिटनला गेल्या आणि तिथे लोक अजून त्यांतून बाजारहाट करतात. होंडा ई हे त्याच वृत्तीचं अलीकडचं अपत्य. सुंदर गाडी. पण ३५.५ किलोवॉट-तासांची बॅटरी, आरशांऐवजी कॅमेरे, डॅशबोर्डच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पडदे, आणि वर मोठ्या गाडीची किंमत. चेहरा १९७२च्या सिव्हिकचा आणि खर्च दिवाणखान्याचा, अशी ही गाडी २०२४मध्ये बंद झाली याचं आश्चर्य वाटू नये.

मग येते रेनॉ ५. हिच्याबद्दल माझं मन खरोखर दोन्हीकडे ओढलं जातं. १९७२ची मूळ गाडी मिशेल बुए या तरुण डिझायनरने कुणी न सांगता, फावल्या वेळात रेखाटली आणि तिचं यश पाहायला तो राहिला नाही. नवीचीही कथा काहीशी तशीच. लुका दे मेओ २०२०मध्ये रेनॉचे प्रमुख झाले तेव्हा फ्रांस्वा लब्वान यांनी केलेला नमुना डिझाइन विभागात पडून होता. दे मेओंनी तो उचलला. या गाडीतल्या जुन्या खुणा नुसत्या चिकटवलेल्या नाहीत, त्यांना नवी कामं लावली आहेत. मूळ गाडीच्या बॉनेटवर एका बाजूला हवा आत घेणारी जाळी होती. विजेच्या गाडीला ती नको, म्हणून तिथे ५ च्या आकाराचा दिवा आला, जो बॅटरी किती भरली ते दाखवतो. एवढ्या एका गोष्टीत रेट्रो डिझाइनचा चांगला धडा आहे: जुना अवयव ठेवायचा असेल तर त्याला रोजगार द्या. गाडीतली वीज बाहेर काढून घरातली उपकरणंही चालवता येतात. २०२५ची युरोपातली ‘कार ऑफ द इयर’ तीच ठरली आणि ते योग्यच झालं.

पण मागच्या सीटवर बसा. ३.९२ मीटरच्या, साडेचौदाशे किलोच्या आसपास भरणाऱ्या गाडीत सहा फुटी माणसाला गुडघे कुठे ठेवायचे हे कळत नाही. पुढच्या सीटजवळ बगेत पाव अडकवायला वेताची टोपली मात्र मिळते. मूळ गाडी हिच्यापेक्षा हातभर आखूड होती, वजन निम्म्याच्या आसपास होतं आणि ती लाखो फ्रेंच घरांची एकुलती एक गाडी होती. नवी बहुतेक घरांत दुसरी म्हणून जाईल. दोष बॅटरीचा आहे हे उत्तर अर्धंच खरं आहे, आणि उरलेला अर्धा भाग रेनॉनेच खोटा पाडला आहे.

कारण ट्विंगो. ३.७९ मीटर लांब, म्हणजे रेनॉ ५ पेक्षा आखूड. दरवाजे पाच. मागच्या दोन सीट वेगवेगळ्या, प्रत्येक सतरा सेंटीमीटर पुढे-मागे सरकणारी: माणसं असतील तेव्हा पायांना जागा, सामान असेल तेव्हा डिक्कीला. १९९२च्या पहिल्या ट्विंगोत पात्रीक ल केमां यांच्या चमूने सरकती मागची सीट दिली होती आणि सगळ्या सीट आडव्या केल्या की पलंग होत असे. बेडकासारखे डोळे लोकांच्या लक्षात राहिले, पण त्या गाडीची खरी करामत ही सरकती सीट होती, आणि नव्या गाडीने डोळ्यांबरोबर तीही घेतली. बॅटरी फक्त २७.५ किलोवॉट-तासांची, लोह-फॉस्फेटची, म्हणजे निकेल आणि कोबाल्ट टाळणारी. कागदावरचा पल्ला २६३ किलोमीटर. वजन बाराशे किलोच्या आसपास. एसीला खरीखुरी बटणं. धोक्याच्या दिव्यांचं मोठं लाल बटण पहिल्या गाडीसारखं डॅशबोर्डच्या मध्यावर. आणि किंमत वीस हजार युरोंच्या आत.

या गाडीवर तीन आक्षेप घेतले जातात. तिन्ही मला तिचे गुण वाटतात. म्हणे ८२ अश्वशक्ती कमी आहे. शहरातल्या गाडीने कुणाला मागे टाकायचं आहे? म्हणे पल्ला अपुरा. दिवसाला तीस-चाळीस किलोमीटर जाणाऱ्याने पाचशे किलोमीटरची बॅटरी रोज ओढत हिंडावं, हा कुठला शहाणपणा? तिसरा आक्षेप असा की गाडीच्या विकासाचं मोठं काम शांघायमधल्या चमूने केलं, म्हणून ती ‘खरी फ्रेंच’ नाही. त्या चमूच्या वेगामुळे गाडी सुमारे दोन वर्षांत तयार झाली, खर्च आटोक्यात राहिला आणि ती स्लोव्हेनियात बनवूनही परवडते. काटकसर जिथे शिकायला मिळते तिथून शिकावी. १९५७मध्ये ती ट्युरिनला मिळत होती, आज शांघायला मिळते.

फियाटची ग्रँड पांडाही याच वाटेवर आहे. लब्वान रेनॉ सोडून फियाटला गेले आणि तिथे त्यांच्या हाताखाली ही गाडी झाली. चौकटीचौकटींचे दिवे, दाराच्या पत्र्यात दाबून उमटवलेलं नाव, चार्जिंगची वायर नाकातच गुंडाळून ठेवलेली. शेवटची युक्ती ज्युजारोलाही पटली असती, कारण डिक्कीत वायरचं भेंडोळं घेऊन हिंडणं वाचतं. पण ३.९९ मीटरची गाडी पांडाचं नाव लावते तेव्हा मूळ पांडा ३.३८ मीटरची होती हे ठाऊक असलेल्याने भुवई उंचवावीच. ५०० हायब्रिडचं काय? २०२०मध्ये खास विजेसाठी आखलेली गाडी खपेना, म्हणून पाच वर्षांनी तिच्यात एक लिटरचं ६५ अश्वशक्तीचं पेट्रोल इंजिन बसवलं. मिराफिओरीतल्या कामगारांना काम मिळालं ही चांगली गोष्ट आहे. डिझाइन म्हणून मात्र ही उलटी चाल आहे, आणि जाकोसाच्या नावाने तिचं कौतुक करणं हा जाकोसावर अन्याय आहे.

आता आपल्याकडे. जुन्या सिएराच्या मागच्या वक्र काचेची नव्या गाडीत आठवण ठेवली आहे आणि ती काळ्या पट्ट्यांच्या मदतीने छान साधलीही आहे. पण ४.३४ मीटरच्या गाडीला या चर्चेत आणलं ते कौतुकासाठी नाही. आपल्या देशात २००६पासून चार मीटरच्या आतल्या, लहान इंजिनाच्या गाड्यांना करात सवलत आहे. सप्टेंबर २०२५पासून बाराशे सीसीपर्यंतच्या अशा पेट्रोल गाडीला १८ टक्के जीएसटी आणि मोठ्या गाडीला ४० टक्के. सरकार लहान गाडीसाठी एवढी वाट मोकळी करून देतं, आणि जुनी नावं घेऊन यायची वेळ आली की आपले कारखानदार नाव काढतात ते दांडग्या गाडीचं. पुण्याच्या बजाजने चेतकला विजेवर परत आणलं तेव्हा ती स्कूटरच राहिली, पत्रा धातूचाच ठेवला, आणि ती दारोदार दिसते. मोटारीच्या बाबतीत एवढंही का सुचू नये?

मुंबईच्या रस्त्यांवरून ३० ऑक्टोबर २०२३ला पद्मिनी टॅक्सी गेली तेव्हा आपण हळहळलो. हळहळलो कशासाठी, तर काळ्या-पिवळ्या रंगासाठी आणि गोल दिव्यांसाठी. कुर्ल्याच्या कारखान्यात बनलेली ती मूळची फियाट ११००. चार मीटरच्या आत, मागे तिघे, पुढे सलग बाक आणि गिअर स्टिअरिंगशी असल्यामुळे चालकाशेजारी पाय पसरायला मोकळी जागा, टपावर कॅरिअर. जुजबी हत्यारांवर कुठल्याही गल्लीत दुरुस्त व्हायची. आज कुणी पद्मिनीची नवी आवृत्ती काढलीच तर ती उंच असेल, महाग असेल, तिला तीन पडदे असतील, आणि बिघडली की लॅपटॉपवाल्याची वाट पाहावी लागेल. समीक्षक मात्र लिहितील: आठवणी जाग्या झाल्या.

या सगळ्या गोंधळात एका गाडीकडे कुणी नीट पाहिलं नाही. २०२३मध्ये आलेली एमजी कॉमेट २.९७ मीटरची आहे, थेट १९५७च्या फियाट ५०० एवढी. चार माणसं बसतात, बॅटरी १७.३ किलोवॉट-तासांची, घरच्या प्लगवर चार्ज होते. तिला जुना चेहरा नाही, जुनं नाव नाही, आणि आपल्या रसिकांनी तिला खेळणं म्हणून हसून सोडून दिलं. जाकोसाचा हिशेब आज आपल्या रस्त्यावर कुणी मांडला असेल तर तो या खोक्याने. तिची बांधणी किंवा महामार्गावरची चाल मला आवडते असं नाही. पण रेट्रोच्या नावाखाली जे कौतुक वाटलं जातं त्याचा निम्मा वाटाही तिला मिळाला नाही, यावरून आपण गाड्या कशा पाहतो ते कळतं: नाक पाहतो, पोट पाहत नाही.

म्हणून माझी मागणी साधी आहे. जुनं नाव लावणाऱ्या प्रत्येक लहान गाडीला मूळ गाडीशेजारी उभं करा आणि लांबी, वजन, मागच्या सीटची जागा, त्या काळच्या पगाराच्या मानाने किंमत आणि दुरुस्तीची सोय, या पाच गोष्टी ताडून पाहा. पाचांपैकी तिनांत ती मूळ गाडीच्या जवळपासही नसेल, तर तिला वारस म्हणू नका. आजच्या गाड्यांत ट्विंगो या परीक्षेत उतरते, रेनॉ ५ काठावर उभी आहे, आणि बाकीच्यांनी नाव बदलून घ्यावं.