नाहीपण आणि विस्मरण

मिखाएल एंडे या जर्मन लेखकाची ‘न संपणारी गोष्ट’ अशा अर्थाच्या नावाची कादंबरी १९७९ साली प्रसिद्ध झाली, आणि १९८३ मध्ये राल्फ मॅनहाइम यांचे इंग्रजी भाषांतर निघाले. मुलांचे पुस्तक म्हणून तिची मोठी ख्याती झाली. परंतु ज्या कारणासाठी ती प्रौढांनीही वाचावी, ते कारण या ख्यातीत काहीसे झाकोळले गेले, असे आम्हांस वाटते. त्या कारणाचाच येथे थोडा विचार करावयाचा आहे.

कथानक थोडक्यात असे. आई वारलेला आणि शाळेत चेष्टेचा विषय झालेला बास्टियन हा मुलगा जुन्या ग्रंथांच्या दुकानातून एक पुस्तक पळवतो व शाळेच्या माळ्यावर लपून ते वाचू लागतो. पुस्तकातील फांटाझिएन नामक कल्पनासृष्टीवर एक अरिष्ट आले आहे. त्याला एंडे नुसते ‘नाहीपण’ म्हणतो. तेथील बालसम्राज्ञी आजारी आहे. मनुष्याने तिला नवे नाव दिले तरच ती आणि तिची सृष्टी तगेल. अट्रेयु हा किशोरवयीन वीर उपाय शोधण्यास निघतो, आणि अखेर वाचणारा बास्टियनच ते नाव उच्चारून पुस्तकाच्या आत जाऊन पोहोचतो.

हे नाहीपण लेखकाने कसे रंगविले आहे ते पाहण्यासारखे आहे. एक सरोवर नाहीसे होते. ते आटलेले नाही, कारण आटले असते तर खड्डा उरला असता. येथे खड्डाही नाही. अट्रेयु झाडावर चढून पाहतो, तर तिकडे दृष्टी टाकताच आपणच आंधळे झालो आहोत असा त्याला भास होतो. आपल्या नैयायिकांनी अभावाचा विचार करताना ‘भूतलावर घट नाही’ हे उदाहरण घेतले. म्हणजे घटाचा अभाव सांगावयास निदान भूतल तरी लागते. एंडेच्या सृष्टीत ते भूतलही उरत नाही. राक्षस, अग्नी, महापूर यांपैकी कशाचाही आश्रय न घेता केवळ नकारांवर एवढे भय उभे करणे ही सामान्य कामगिरी नव्हे.

मात्र या अरिष्टाचा उलगडा ग्मॉर्क नावाच्या नरवृकाच्या तोंडून होतो, तेव्हा रूपकाचा सांगाडा थोडा उघडा पडतो. नाहीपणात उडी घेणारे जीव मनुष्यलोकी जाऊन असत्ये बनतात, आणि त्या असत्यांच्या बळावर माणसांना हवे तसे वागविता येते, असे तो सांगतो. १९२९ साली जन्मलेल्या आणि नात्सी राजवटीत आपल्या चित्रकार वडिलांवर आलेली बंदी पाहिलेल्या लेखकाने हे लिहावे, यात आश्चर्य नाही. विचार खरा आहे. पण कथेने दाखवावयाचे ते येथे संवादाने सांगितले जाते.

बहुतेक वाचकांच्या मनात हे नाहीपणच घर करून राहते. आमच्या मते मात्र कादंबरीतील खरे संकट ते टळल्यानंतर, उत्तरार्धात सुरू होते. बास्टियनला ‘आउरिन’ नावाचे पदक मिळते. त्याच्या योगाने तो इच्छील ते घडते. त्याच्या शब्दाने सृष्टी बदलते, आणि जे आत्ता निर्माण झाले ते अनादि काळापासून तसेच होते असे ठरते. मोल एवढेच, की प्रत्येक इच्छेमागे त्याची एक आठवण जाते. तो सुंदर होतो, आणि आपण कधी बेढब होतो हे विसरतो. बलवान होतो, आणि आपले दुबळेपण विसरतो. पुढे शाळा जाते, आईबाप जातात, आणि शेवटी स्वतःचे नावही जाते.

हे संकट नाहीपणाहून भयंकर का? नाहीपण निदान दिसते; त्याच्यापासून पळता येते. विसरणाऱ्याला मात्र आपण विसरलो हे कळत नाही. प्रत्येक वेळी तो अधिक समर्थ झालेला असतो, आणि त्याच्या लेखी काहीच हरवलेले नसते. हरवलेले काय, ते निवेदक आम्हां वाचकांना हलकेच सांगतो. त्यामुळे बास्टियनची स्मृती क्रमाक्रमाने आपल्या हाती येते, आणि वाचणे हेच राखण करणे होऊन बसते. या योजनेत एंडेची खरी प्रतिभा दिसते.

उत्तरार्धात प्रसंगांची गर्दी आहे, आणि सत्तेच्या मोहाचा भाग लांबला आहे, हे मान्य केले पाहिजे. पण ‘जुन्या सम्राटांचे नगर’ हे एकच प्रकरण या दोषांची भरपाई करते. आठवणी संपल्यामुळे ज्यांना इच्छाही उरली नाही, अशी माणसे तेथे अक्षरांचे फासे टाकीत बसली आहेत. शब्द पडले तर पडले. अर्थ कुणालाच नको आहे.

शेवटी निनावी झालेल्या बास्टियनला सोडविते ते कोणतेही सामर्थ्य नव्हे. त्याने ज्याला दुखावले होते तो अट्रेयु पुढे होऊन त्याचे नाव सांगतो, आणि त्याच्यासाठी जामीन राहतो. आपली आठवण आपल्यापाशी उरली नाही, तरी ती मित्रापाशी असू शकते, हे या ग्रंथाचे सार आहे.

स्वभाषेच्या मुलखापासून दूर नोकरी करणाऱ्या आपल्यासारख्यांना यावर भाष्य नको. प्रत्येक बढतीबरोबर बदली येते, आणि प्रत्येक बदलीबरोबर काहीतरी मागे राहते. एखाद्या संध्याकाळी ‘वळचण’ हा शब्द ऐन वेळी आठवत नाही, आणि शेजारच्या क्वार्टरातले कुणी तो सहज उच्चारते. जो शब्द आपण शोधतो, तो अजून गेलेला नसतो. ज्याचा शोध घ्यावा असेही वाटत नाही, त्याची चिंता करावयाची. आणि ती एकट्याने करता येत नाही, एवढे हा ग्रंथ मिटताना आम्हांस कळले.