मास्टर ऑफ ओरायन २ : आवडत्या गेमचे दोष कसे मांडायचे

'मास्टर ऑफ ओरायन २' हा १९९६चा गेम. सिमटेक्सने बनवला, मायक्रोप्रोजने बाजारात आणला. आकाशगंगेत वसाहती वसवायच्या, तंत्रज्ञान वाढवायचं, शेजाऱ्याशी तह करायचा नाहीतर लढायचं. तीस वर्षं होत आली तरी लोक तो खेळतात. मग तो खरंच चांगला आहे, की आपल्याला नुसता आवडतो?

त्याचा गाभा बघा. संशोधनाच्या टप्प्यावर बहुतेकदा दोन-तीन शोध समोर येतात, घेता येतो एकच. ऑप्ट्रॉनिक्सला पोचलात की प्रयोगशाळा, संगणक किंवा क्षेपणास्त्रांचं मार्गदर्शन. उरलेलं हवं असेल तर अदलाबदल करा, हेर पाठवा किंवा हिसकावून घ्या. पीएचडीचा विषय ठरवताना सोडलेल्या विषयांची जी हळहळ लागते ना, ती इथे नियमातच आहे. जहाजांचंही तसंच: इंधन पुरेल तितकीच मजल, पुढे जायचं तर वाटेत ठाणं हवं. १६६४ला कुरटे बेटावर सिंधुदुर्गाचा पाया का घातला, हे माहीत असलेल्या मालवणकराला यात नवल वाटणार नाही.

आता दोष. वरच्या तिघांत अनुभवी खेळाडू सहसा प्रयोगशाळाच उचलतो. मग निवड राहिली कुठे? त्याहून वाईट म्हणजे 'क्रिएटिव्ह' हा गुण. स्वतःची जमात घडवायला १० गुण मिळतात, त्यातले ८ इथे घातले की प्रत्येक टप्प्यावरचे सगळे शोध आपले. ज्या नियमावर गेम उभा आहे, तोच विकत घेऊन मोडता येतो! शेवटी शेवटी वसाहती इतक्या होतात की कुठे काय बांधायचं यातच संध्याकाळ जाते. पावसात लाइट गेली तर सुटल्यासारखं वाटतं.

पण 'सगळे हेच घेतात' हे प्रबंधात नुसतं म्हणून भागत नाही. एकच सेव्ह उघडा, तिन्ही निवडी खेळून बघा, शंभर चालींनंतर कोण कुठे आहे ते वहीत उतरवा. आवृत्तीही लिहा. कंपनीचा शेवटचा पॅच १.३१, चाहत्यांचा १.५०. दोन्हींचे निष्कर्ष एकत्र केलेत तर गाइड तिथेच थांबवतील.

क्रिएटिव्ह काढूनच टाकावा, असं मात्र मी म्हणणार नाही. सायलॉन ही जमात मुळातच क्रिएटिव्ह आहे. ती शत्रू म्हणून समोर आली की आपण सोडलेले शोध तिच्याकडे असतात, आणि तह, हेरगिरी या सगळ्याला अर्थ येतो. तोच गुण आपल्या हातात आला की गेम सपाट होतो.